शौचाचा रिपोर्ट वाचताना

शौचाच्या तपासणीचा रिपोर्ट हातात आला की बहुतेकांची नजर एकाच ओळीवर जाऊन थांबते. ‘ओव्हा अँड सिस्ट : नॉट सीन’. जंतांची अंडी आणि परजीवींचे कोष दिसले नाहीत. आपण ती ओळ वाचतो, कागदाची घडी घालतो आणि पोटात काही नाही असं मनाशी ठरवून टाकतो. पण ती ओळ लिहिणारी व्यक्ती शब्द तोलून वापरते. ‘नाहीत’ असं तिने लिहिलेलं नाही, ‘दिसले नाहीत’ असं लिहिलं आहे. काडीच्या टोकाला लागेल एवढा मळ, वजनाने जेमतेम २ मिलिग्रॅम, तिने काचपट्टीवर घेतला, सूक्ष्मदर्शकाखाली सगळा पाहिला आणि तेवढ्यात काही सापडलं नाही. तिचं म्हणणं इतकंच आहे.

हा फरक लक्षात न आल्यामुळे माणसं दोन्ही बाजूंनी फसतात. कुणी ‘नॉर्मल’ रिपोर्टवर विसंबून महिनोन्‌महिने जुलाब अंगावर काढतं, तर कुणी कागदावर छापलेल्या एका नावापायी नको असलेली औषधं पुन्हा पुन्हा घेतं. मुळात ‘शौचाची तपासणी’ ही एक तपासणी नाहीच. डझनभर वेगवेगळ्या तपासण्यांना मिळून आपण हे नाव दिलंय, आणि त्यातली प्रत्येक तपासणी तिला विचारलेल्या प्रश्नापुरतंच उत्तर देते. प्रश्न चुकला किंवा नमुना वाया गेलेला असला, तर यंत्र कितीही भारी असो, उत्तर कामाचं नसतं.

गर्दीत माणूस शोधायचा

आपल्या मळाचा साधारण तीन-चतुर्थांश भाग पाणी असतो. उरलेल्या कोरड्या भागात न पचलेला चोथा, थोडी चरबी, आतड्याच्या झडलेल्या पेशी आणि प्रचंड संख्येने जीवाणू असतात. कोरड्या वजनाचा चौथा हिस्सा ते निम्मा हिस्सा निव्वळ जीवाणूंचा भरतो, काही जिवंत, काही मेलेले. एका ग्रॅमात त्यांची संख्या अब्जांत मोजावी लागते. तपकिरी रंग पित्तातून तयार होणाऱ्या स्टर्कोबिलिन या द्रव्याचा.

रक्तात जीवाणू सापडला तर तो बहुधा गुन्हेगारच असतो, कारण निरोगी रक्तात कुणी राहत नाही. मळाचं तसं नाही. तिथे भर जत्रेत एक खिसेकापू हुडकायचा असतो. त्याचं वर्णन लॅबला आधी द्यावं लागतं, नाहीतर कुणाला शोधायचं हेच कळत नाही.

१९९३ साली अमेरिकेतल्या मिलवॉकी शहरात हे फार मोठ्या प्रमाणावर घडलं. पिण्याच्या पाण्यातून क्रिप्टोस्पोरिडियम नावाचा परजीवी घरोघरी पोचला आणि सुमारे ४ लाख लोकांना जुलाब झाले. हा जीव आकाराने ४ ते ६ मायक्रॉन (मायक्रॉन म्हणजे मिलिमीटरचा हजारावा भाग), नेहमीच्या क्लोरीनला दाद न देणारा. मळाच्या साध्या तपासणीत तो सहसा लक्षात येत नाही. त्यासाठी आम्लरोधक पद्धतीचा वेगळा रंग द्यावा लागतो, मग हिरव्या किंवा निळ्या पार्श्वभूमीवर लालसर गोळे उठून दिसतात. बहुतेक लॅबमध्ये हा रंग कुणी मागितला तरच दिला जायचा. सुरुवातीला कुणी मागितला नाही, म्हणून नमुने तपासले जात असूनही कारण हाती येत नव्हतं.

नुसत्या डोळ्यांनी

सूक्ष्मदर्शक लावायच्या आधी नमुना डोळ्यांनी पाहिला जातो, आणि या पायरीला कमी लेखू नये. घट्ट आहे की पातळ, आव आहे का, रक्त आहे का, असेल तर मळात मिसळलेलं की वरून लागलेलं, जंताचा तुकडा दिसतो का. टणक सुट्या खड्यांपासून नुसत्या पाण्यापर्यंतचे ७ प्रकार मांडणारा ब्रिस्टल तक्ता १९९७ मध्ये प्रसिद्ध झाला. डॉक्टरांशी बोलताना ‘जरा पातळ’ म्हणण्यापेक्षा ‘सहाव्या प्रकारासारखं’ म्हटलं तर दोघांच्याही डोळ्यांसमोर एकच चित्र राहतं.

दोन रंगांच्या बाबतीत मात्र रिपोर्टची वाट पाहत बसू नये. डांबरासारखा काळा, चिकट आणि विशिष्ट उग्र वासाचा मळ हा जठरात किंवा लहान आतड्याच्या सुरुवातीला रक्तस्राव झाल्याचं लक्षण असू शकतो. लोहाच्या किंवा बिस्मथच्या गोळ्यांनीही मळ काळा होतो, म्हणून त्या चालू असतील तर तेही सांगावं. दुसरा रंग पांढुरका, चिकणमातीसारखा. पित्त आतड्यात पोचत नसेल तर मळाला त्याचा रंगच मिळत नाही. या दोन्ही वेळी आधी डॉक्टर, मग डबी.

काचपट्टीवर काय दिसतं

१६८१ मध्ये डेल्फ्ट शहरातल्या अँटनी व्हान लेव्हेनहूक या कापडव्यापाऱ्याने पोट बिघडलेलं असताना स्वतःचाच मळ आपल्या भिंगाखाली पाहिला. त्यात त्याला चपळपणे हलणारे इवलेसे जीव दिसले. त्याने केलेल्या वर्णनावरून ते जिआर्डिया हे आतड्यातले परजीवी असावेत असं मानलं जातं. शौच बांधून होत असे तेव्हा ते दिसत नसत, पातळ होई तेव्हा दिसत, असंही त्याने नोंदवलं. या निरीक्षणात तथ्य होतं, कारण जिआर्डियाची दोन रूपं असतात. एक हलतं-चालतं, आतड्याच्या भिंतीला चिकटून जगणारं, बाहेर पडल्यावर लवकर मरणारं. दुसरं कवचातलं, म्हणजे कोष किंवा सिस्ट, बाहेरच्या जगात तग धरणारं. पातळ मळात पहिलं रूप वाहून बाहेर येतं, घट्ट मळात बहुधा दुसरंच.

आजही मूळ पद्धत फारशी बदललेली नाही. मळाचा कण एका बाजूला मिठाच्या सौम्य पाण्यात कालवतात, दुसऱ्या बाजूला आयोडीनमध्ये. पाण्यात जिवंत परजीवींची हालचाल दिसते. जिआर्डिया तर झाडावरून गळणारं पान हेलकावत यावं तसा सरकतो. आयोडीनमध्ये हालचाल थांबते, पण कोषाच्या आतली केंद्रकं रंगून मोजता येतात.

याच काचेवर पू पेशी आणि तांबड्या पेशीही मोजल्या जातात. पू पेशी म्हणजे लढायला आलेल्या पांढऱ्या पेशी. जंतू आतड्याची भिंत पोखरत असेल, उदाहरणार्थ शिगेला, तर त्या ढिगाने दिसतात. याउलट कॉलऱ्यात मळ तांदळाच्या धुवणासारखा होतो, माणूस काही तासांत कोरडा पडतो, आणि काचेवर पू पेशी जवळपास नसतात. कारण कॉलऱ्याचा जंतू भिंत फोडत नाही, विष सोडून तिच्यातून पाणी गळायला लावतो. रोग्याची अवस्था किती गंभीर आहे ते पू पेशींच्या आकड्यावरून ठरत नाही, हे यावरून ध्यानात घ्यावं.

आता अमीबाबद्दल, आणि इथे मला थोडं थांबायचं आहे, कारण सगळ्यात जास्त गोंधळ याच नावाभोवती आहे. १८७५ मध्ये सेंट पीटर्सबर्गमध्ये फ्योदोर ल्योश या डॉक्टरने रक्ती हगवणीच्या रोग्याच्या मळात अमीबा पाहिला. पुढे त्याला एंटामीबा हिस्टोलिटिका हे नाव मिळालं. हा खराच धोकादायक आहे. आतड्यात व्रण करतो आणि यकृतात गळू करू शकतो. पण त्याचा एक जुळा भाऊ आहे, एंटामीबा डिस्पार. त्याचे कोष हुबेहूब तसेच, तीच चार केंद्रकं, तेवढाच आकार, आणि तो आजार करत नाही. हे दोन वेगळे जीव असावेत ही शंका १९२५ मध्येच मांडली गेली होती, पण त्यावर शास्त्रीय शिक्कामोर्तब व्हायला १९९३ उजाडलं. साध्या सूक्ष्मदर्शकाखाली कोष पाहून कुणालाही, कितीही अनुभवी असो, या दोघांत फरक करता येत नाही. हलत्या अमीबाच्या पोटात गिळलेल्या तांबड्या पेशी दिसल्या तर संशय हिस्टोलिटिकावर बळावतो. नाहीतर अँटिजेन (परजीवीचं ओळख पटवणारं प्रथिन) किंवा पीसीआर (त्याचं जनुक शोधणारी) तपासणी लागते.

एंटामीबा कोलाय आणि एंडोलायमॅक्स नाना हे आणखी दोन निरुपद्रवी पाहुणे. ते सापडले याचा अर्थ दूषित पाणी किंवा अन्न कधीतरी पोटात गेलं, इतकाच. शिवाय आतड्यातल्या मॅक्रोफेज नावाच्या मोठ्या पांढऱ्या पेशी घाईत पाहिल्या तर अमीबासारख्याच दिसतात. म्हणून रिपोर्टवर नुसतं ‘सिस्ट सीन’ असेल तर ‘कुणाचे?’ हा प्रश्न आपण जरूर विचारावा. वर्षानुवर्षं ‘मला अमीबा आहे’ असं सांगत दर काही महिन्यांनी गोळ्यांचा कोर्स घेणाऱ्या माणसांबद्दल मला खरंच वाईट वाटतं. त्यांच्यातल्या अनेकांच्या तक्रारीचं मूळ दुसरंच काही असू शकतं, आणि ते शोधायचं राहून जातं.

जंतांच्या बाबतीत गोष्ट सोपी आणि तितकीच फसवी. गोल जंताची मादी दिवसाला सुमारे २ लाख अंडी घालते, त्यामुळे एकुलती एक मादी असली तरी नमुन्यात अंडी सापडतात. पण पोटात फक्त नर असेल तर अंडं येणार कुठून? मुलांना रात्री गुदद्वाराशी खाज आणणारे बारीक सुतासारखे जंत वेगळीच चलाखी करतात. त्यांची मादी अंडी आतड्यात घालत नाही, रात्री बाहेर येऊन गुदद्वाराभोवतीच्या कातडीवर घालते. त्यामुळे शौचाचा रिपोर्ट स्वच्छ आणि मूल मात्र खाजवून हैराण. यासाठी सकाळी उठल्यावर, शौच आणि आंघोळीच्या आधी, पारदर्शक चिकटपट्टी तिथे दाबून ती काचपट्टीवर लावतात आणि तपासतात.

स्ट्राँगिलॉइड्स या जंताचा उल्लेख मुद्दाम करतो. तो अंडी नव्हे तर अळ्या बाहेर पाठवतो, तेही थोड्या आणि अधूनमधून. माणसाच्या शरीरातच तो पिढ्यान्‌पिढ्या स्वतःला वाढवत राहतो, त्यामुळे दशकं उलटली तरी मुक्काम हलत नाही. एरवी गप्प असतो, पण त्या माणसाला स्टिरॉइड सुरू केले की अळ्या सगळ्या शरीरात पसरून जीव धोक्यात येऊ शकतो. एका नमुन्यात न दिसणं इथे अजिबात पुरेसं नाही.

वेळ, वेळ आणि वेळ

जिआर्डियाचे कोष रोज पडत नाहीत. काही दिवस भरपूर, काही दिवस शून्य. म्हणून जुलाब लांबले असतील तर एका दिवसाआड असे तीन नमुने मागतात. अनेकांना हा पैसे काढायचा धंदा वाटतो. वर सांगितलेले २ मिलिग्रॅम आठवले तर मागणी पटेल.

हलता परजीवी शोधायचा असेल तर अगदी पातळ मळ अर्ध्या तासाच्या आत, मऊ मळ तासाभरात पाहायला हवा. बांधून झालेल्या मळात कोषच असतात, त्याला दिवसभर चालतं. पण सकाळचा पातळ नमुना संध्याकाळी पोचवला, तर त्यातला अमीबा केव्हाच विरघळून गेलेला असतो आणि रिपोर्टवर प्रामाणिकपणे ‘नॉट सीन’ येतं. उशिराने उलटंही घडतं. आकडेकृमीची अंडी डबीत बराच वेळ राहिली तर त्यांतून अळ्या बाहेर येतात आणि त्या स्ट्राँगिलॉइड्सच्या अळ्यांसारख्या दिसतात. डबी उशिरा दिल्याने जंताचं नावच बदलायचं!

डबी कोरडी, रुंद तोंडाची, घट्ट झाकणाची हवी. मळात लघवी किंवा पाणी मिसळू देऊ नये. लघवीने हलते परजीवी मरतात, आणि शौचकूपातल्या पाण्यात स्वतःचे वेगळे जीव असू शकतात, ते नमुन्यात येऊन बसतात. आधी लघवी करून घ्यावी, मग स्वच्छ कोरड्या भांड्यात किंवा पसरलेल्या प्लॅस्टिकवर शौच करून डबीबरोबर मिळालेल्या चमच्याने घ्यावं. कुठला भाग घ्यायचा? जो सगळ्यात वाईट दिसतो तो. आव, रक्त किंवा वेगळ्या रंगाचा भाग असेल तर तोच घ्यावा. लाजून किंवा किळस येऊन स्वच्छ भाग निवडला तर गुन्हेगार मागेच राहिला म्हणून समजा. अक्रोडाएवढा मळ पुरतो, पातळ असेल तर दोन-तीन चमचे. लहान बाळाच्या डायपरमध्ये मळ शोषला जातो, म्हणून आत प्लॅस्टिकचा पातळ कागद घालावा. नंतर साबणाने हात धुवावेत.

फ्रीजमध्ये ठेवायचं की नाही, याचं एकच उत्तर नाही. हलता परजीवी पाहायचा असेल तर थंडावा त्याला संपवतो. क्लॉस्ट्रिडियम डिफिसिल या जीवाणूचं विष शोधायचं असेल तर उलट थंडावाच लागतो, कारण उबेत ते विष नाहीसं होतं. म्हणून डबी घेतानाच लॅबमध्ये विचारून घ्यावं. आणि अँटिबायोटिकची पहिली गोळी घेण्यापूर्वी नमुना द्यावा. बेरियम पिऊन एक्स-रे काढला असेल किंवा एरंडेल घेतलं असेल, तर सूक्ष्मदर्शकाखाली काही दिवस धड काही दिसत नाही.

कल्चर म्हणजे जंतू पेरणं

जीवाणू काचेवर पाहून ओळखता येत नाहीत, सगळे काड्यांसारखेच दिसतात. म्हणून त्यांना थाळीत पोसायचं. या थाळ्यांमधली युक्ती मला फार आवडते. मॅकॉन्की नावाच्या थाळीत दुधातली साखर आणि एक रंगदर्शक घातलेला असतो; ती साखर आंबवणारे नेहमीचे रहिवासी गुलाबी ठिपके करतात, तर साल्मोनेला आणि शिगेला ती आंबवू शकत नाहीत म्हणून त्यांचे ठिपके रंगहीन राहतात. कॉलऱ्याच्या जंतूसाठी टीसीबीएस नावाची वेगळी थाळी लागते, तिच्यावर तो पिवळा उगवतो. कॅम्पिलोबॅक्टरला ४२ अंश सेल्सिअसची ऊब आणि कमी ऑक्सिजन हवा. म्हणजे संशय कुणावर आहे हे चिठ्ठीवर लिहिलं नाही, तर त्याची थाळी कदाचित मांडलीच जाणार नाही. शिगेला तर मळात थोड्याच वेळात मरतो, म्हणून लॅब लांब असेल तर नमुना कॅरी-ब्लेअर नावाच्या जपणाऱ्या माध्यमात पाठवतात.

उत्तर यायला दोन-तीन दिवस लागतात. रिपोर्टवर ‘ई. कोलाय’ उगवला असं वाचून घाबरू नका. थिओडोर एशरिश यांनी १८८५ मध्ये तो निरोगी बाळांच्याच मळातून वेगळा केला होता, आणि तो आपल्या सगळ्यांच्या आतड्यात आहे. त्याच्या काही मोजक्या जाती आजार करतात आणि त्या ओळखायला वेगळी तपासणी लागते. त्यातली विष सोडणारी ओ-१५७ ही जात महत्त्वाची, कारण तिच्यात अँटिबायोटिक दिल्याने मूत्रपिंडं निकामी होण्याचा धोका वाढू शकतो. रक्त पडतंय, ताप मात्र फारसा नाही, अशा वेळी स्वतःच्या मनाने गोळी घेऊ नये, त्याचं हे एक ठोस कारण.

टायफॉइडचा जंतू पहिल्या आठवड्यात मळापेक्षा रक्तात शोधावा लागतो. मळात तो पुढच्या आठवड्यांत जास्त मिळतो. बरं झाल्यावरही काही माणसांच्या पित्ताशयात तो ठाण मांडून बसतो. न्यूयॉर्कमधली स्वयंपाकीण मेरी मॅलन हे त्याचं सगळ्यात प्रसिद्ध उदाहरण. ती स्वतः ठणठणीत होती, पण जिथे काम करायची तिथे टायफॉइड व्हायचा. १९०७ मध्ये तिला पकडून एका बेटावर ठेवलं. तिच्या शौचाचे नमुने वारंवार तपासले गेले; बहुतेक वेळा जंतू सापडे, पण काही वेळा सापडत नसे. त्या निगेटिव्ह रिपोर्टांमुळे आपल्याला काही झालेलं नाही, हा तिचा विश्वास अधिकच पक्का झाला असेल. १९१० मध्ये सुटका झाली, ती पुन्हा स्वयंपाक करू लागली, आणि १९१५ पासून १९३८ मध्ये मृत्यू येईपर्यंत ती बंदिवासातच राहिली. एका बाईच्या आयुष्याची अशी परवड का झाली, हे वाचताना मन जड होतं. पण वाहक माणसाच्या बाबतीत एकच निगेटिव्ह नमुना का धरत नाहीत, हेही त्यातूनच कळतं.

पीसीआर : वेगवान, पण अडाणी

आता अशी यंत्रं आहेत की एका नमुन्यातून जीवाणू, विषाणू आणि परजीवी मिळून वीसेक जंतूंची जनुकं सुमारे तासाभरात तपासतात. नोरोव्हायरससारखे थाळीवर न उगवणारे जंतू यात सापडतात. फार अशक्त रोगी किंवा साथ असेल तर ही तपासणी मोलाची आहे. पण जनुक मेलेल्या जंतूचंही असतं. मागच्या महिन्यात बरा झालेला संसर्ग आजही पॉझिटिव्ह येऊ शकतो, आणि एकाच रिपोर्टवर तीन नावं आली तर त्यातलं आजार करणारं कोणतं, हे यंत्र सांगत नाही. कोणतं औषध चालेल हे ठरवण्यासाठी जिवंत जंतूच लागतो, म्हणून पीसीआर पॉझिटिव्ह आल्यावरही अनेकदा कल्चर करतात.

क्लॉस्ट्रिडियम डिफिसिलबाबत हा धडा कडक आहे. अँटिबायोटिकच्या कोर्सनंतर येणाऱ्या जुलाबांमागे हा जंतू असू शकतो. पण काही निरोगी माणसांच्या आतड्यातही तो शांतपणे राहतो, त्यामुळे शौच बांधून होत असेल तर लॅब नमुना घ्यायलाच नकार देते, आणि ते बरोबर आहे. उपचारानंतर जुलाब थांबले असतील तर ‘गेला का बघू’ म्हणून पुन्हा तपासू नये. पुढचे काही आठवडे तपासणी पॉझिटिव्हच येऊ शकते.

जंतू नसतानाची बातमी

पोटाचा त्रास महिनोन्‌महिने चालू आहे, जंतू काही सापडत नाही. इथे प्रश्न बदलतो : आतड्याला सूज आहे का? कॅलप्रोटेक्टिन हे पांढऱ्या पेशींमधलं प्रथिन मळात मोजलं की याचं उत्तर मिळतं. प्रौढांमध्ये ग्रॅममागे ५० मायक्रोग्रॅमच्या खाली असेल तर आतड्याला सूज असण्याची शक्यता फार कमी, आणि त्रास बहुधा संवेदनशील आतड्याचा, म्हणजे आयबीएसचा. २५० च्या वर असेल तर क्रोन किंवा अल्सरेटिव्ह कोलायटिस या आतड्याच्या दीर्घकाळच्या सुजेच्या आजारांचा विचार करून दुर्बिणीची तपासणी, म्हणजे कोलोनोस्कोपी, करावी लागते. मधले आकडे संदिग्ध. काही आठवड्यांनी पुन्हा मोजतात. वेदनाशामक गोळ्या किंवा साधा जंतुसंसर्ग यांनीही आकडा वाढतो, तान्ह्या मुलांत तो मुळातच जास्त असतो. एका छोट्या डबीने कित्येकांची कोलोनोस्कोपी टळते, म्हणून ही तपासणी मला विशेष उपयोगी वाटते.

न दिसणारं रक्त शोधण्याची जुनी पद्धत ग्वायक या झाडाच्या राळेवर अवलंबून होती. तिला लाल मांसाने चकवा बसायचा. नव्या फिट तपासणीत फक्त मानवी हिमोग्लोबिन ओळखलं जातं, त्यामुळे पथ्य लागत नाही. मोठ्या आतड्याच्या कर्करोगाच्या चाळणीसाठी ती अनेक देशांत वापरतात. पॉझिटिव्ह आली म्हणजे कर्करोग झाला असं नाही, पण ‘मूळव्याधीचं असेल’ म्हणून सोडूनही देऊ नये. पुढची पायरी कोलोनोस्कोपीच. आणि जठरातलं रक्त खाली येईपर्यंत पचून जातं, त्यासाठी फिट उपयोगाची नाही.

जठरात राहणाऱ्या हेलिकोबॅक्टर पायलोरी या जीवाणूचा अँटिजेनही मळात सापडतो. पण आम्ल कमी करणाऱ्या गोळ्या दोन आठवडे आणि अँटिबायोटिक चार आठवडे बंद नसतील, तर तो लपून राहतो. स्वादुपिंडाचं इलास्टेज हे पाचक द्रव्य मोजताना मळ पाण्यासारखा असेल तर आकडा उगाच कमी येतो.

राहिली बाजारात मिळणारी ‘आतड्यातल्या जीवाणूंची संपूर्ण यादी’. रंगीत तक्ते सुंदर असतात. पण निरोगी माणसाची यादी नेमकी कशी असावी यावर शास्त्रज्ञांचं एकमत नाही. असल्या रिपोर्टवरून खाणं तोडणं किंवा पूरक गोळ्या सुरू करणं मला चुकीचं वाटतं. संशोधनात या विषयाला मोठं भविष्य आहे, घरातल्या एका माणसाच्या औषधोपचारात अजून नाही.

डबी केव्हा, आणि सोबत काय

बहुतेक जुलाब काही दिवसांत आपोआप थांबतात आणि त्यांना कुठल्याच तपासणीची गरज नसते. जलसंजीवनी द्यायला रिपोर्ट लागत नाही; आधी पाणी, मग बाकी सगळं. रक्त पडत असेल, ताप चढलेला असेल, आठवडा उलटूनही जुलाब चालू असतील, रोगप्रतिकारशक्ती कमी असेल, नुकतंच अँटिबायोटिक घेतलं असेल किंवा एकाच वेळी अनेकांना त्रास झाला असेल, तर डबी द्यावी. लघवी बंद होणं, डोळे खोल जाणं, मूल सुस्तावणं ही लक्षणं असतील तर डबी राहू द्या, थेट दवाखाना गाठा.

आणि चिठ्ठीवर वयाच्या पुढे दोन ओळी जास्त लिहून घ्या. ‘तीन आठवडे जुलाब, मधूनच आव, अँटिबायोटिक अजून नाही, दम्यासाठी स्टिरॉइड चालू, घरात आणखी एकाला तोच त्रास.’ हे वाचणारा तंत्रज्ञ नेहमीच्या काचपट्टीशेजारी एक आम्लरोधक रंगाची काचपट्टी मांडेल, अळ्यांसाठी जास्त वेळ पाहील, आणि कदाचित फोन करून म्हणेल, उद्याचा नमुनाही आणा, पण अर्ध्या तासात.